मृत्युपत्र तुमच्या नावाचं असलं तरी तडजोड करा, पण घर गहाण टाकून नको

तासगाव तालुक्यातल्या एका वाचकाचं पत्र आलं आहे. काका गेल्या वर्षी वारले. काकू त्यांच्या आधीच गेल्या होत्या, मूलबाळ नव्हतं. काकांनी तीन एकर द्राक्षबाग नोंदणीकृत मृत्युपत्राने या पुतण्याच्या नावे केली, कारण शेवटची काही वर्षं त्यांचं सगळं यानेच पाहिलं. आता दोघी आत्यांनी मृत्युपत्र खोटं असल्याचा दावा दिवाणी कोर्टात लावला आहे. २४ लाख दिले तर दावा मागे घेऊ, असा निरोप आहे. गावात एकराला ३० लाखांचा भाव आहे. वाचकाकडे ९ लाखांची ठेव आहे आणि पतसंस्थेतल्या नोकरीतून महिन्याला ३२ हजार हातात येतात. उरलेले १५ लाख घरावर कर्ज काढून द्यावेत, की लढावं?

तुम्ही काकांचं मनापासून केलंत, आणि आता तेच कोर्टात सिद्ध करायची वेळ आली. याचा राग येणं साहजिक आहे. पण पत्रात तुम्ही सहज लिहून गेलेली एक गोष्ट मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. तुमचे वडील काकांच्या आधी गेले.

मृत्युपत्र टिकलं नाही, तर काकांची जमीन हिंदू वारसा कायद्याप्रमाणे वाटली जाईल. बायको, मुलं, आई-वडील कोणी नसताना हयात भाऊ-बहिणींचा हक्क पुतण्यांच्या आधी लागतो. वडील असते तर एक तृतीयांश हिस्सा त्यांना मिळाला असता. ते नाहीत, म्हणून सगळी जमीन दोघी आत्यांकडे जाईल. निम्मी तरी कुठे जात नाही, असं तुम्ही धरून चालला आहात. हरलात तर तुमच्या वाट्याला एक गुंठाही येणार नाही.

मग मृत्युपत्र किती पक्कं आहे? नोंदणी झाली म्हणून ते आपोआप सिद्ध होत नाही. दोन साक्षीदारांपैकी निदान एकाने कोर्टात येऊन सांगावं लागतं. तुमचा एक साक्षीदार वारला आहे, दुसरा तुमचा मेव्हणा. काकांना निबंधक कार्यालयात तुम्हीच घेऊन गेलात आणि डॉक्टरांचा दाखला जोडलेला नाही. ज्याला लाभ होतो त्यानेच पुढाकार घेतला असेल, तर संशय दूर करण्याची जबाबदारी त्याच्यावर येते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५९ पासून सांगितलं आहे. याचा अर्थ तुमचं मृत्युपत्र खोटं ठरेल असा नाही. काकांच्या औषधपाण्याची बिलं, शेजाऱ्यांच्या साक्षी तुमच्या बाजूने बोलतील. पण उलटतपासणीत ओढाताण होणार. तलाठ्याकडचा फेरफार, म्हणजे सातबाऱ्यावरची नावाची नोंद, तुमच्या नावे झाला तरी त्याने मालकी ठरत नाही, तेव्हा त्याच्या भरवशावर राहू नका.

आता हिशेब. जमीन ९० लाखांची, मागणी २४ लाखांची. तडजोडीत तुमच्याकडे ६६ लाखांची मालमत्ता राहते. म्हणजे चारात तीन वेळा जिंकू इतकी खात्री असेल तरच लढणं परवडतं, आणि यात वकिलांची फी धरलेली नाही. निकालानंतर जिल्हा न्यायालयात अपील, मग उच्च न्यायालय. २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाच्या सर्किट बेंचचं (फिरत्या खंडपीठाचं) काम सुरू झाल्याने मुंबईचे हेलपाटे वाचतील, वर्षं वाचतील असं नाही. तोवर वादातल्या जमिनीवर बँक कर्ज देणार नाही आणि सरळ गिऱ्हाईकही मिळणार नाही. माझा कौल तडजोडीला आहे.

मात्र तुम्ही म्हणता त्या मार्गाने नाही. १५ लाख, १० टक्के, दहा वर्षं धरली तर हप्ता जवळजवळ २० हजार येतो. ३२ हजारांत उरले १२ हजार. बाग हप्ता भरेल म्हणाल, तर अवकाळीचा एक तडाखा काय करतो हे तासगावच्या माणसाला मी सांगायला नको. जमिनीचा वाद मिटवताना डोक्यावरचं छप्पर पणाला लावू नका.

रोख कमी आणि जमीन जास्त असा प्रस्ताव ठेवा. ठेवीतून प्रत्येकी ३ लाख आणि प्रत्येकी १२ गुंठे. ७५ हजार गुंठ्याने २४ गुंठ्यांचे १८ लाख होतात, रोख ६ धरून बरोबर २४ लाख. तुमच्याकडे ९६ गुंठे आणि ३ लाखांची गंगाजळी राहते. बागायतीचं प्रमाणभूत क्षेत्र, म्हणजे ज्याहून लहान तुकडा पाडता येत नाही ते क्षेत्र, २०२३ मध्ये १० आर (जवळजवळ १० गुंठे) झालं, त्यामुळे १२ गुंठ्यांचा तुकडा तुकडेबंदीत अडकू नये. सातबाऱ्यावर बागायत नोंद आहे ना, ते पाहून घ्या. तुकडा रस्त्याकडेचा द्या, मांडवाच्या मधून बांध घालू नका. विहिरीतला हिस्सा आणि पाण्याची पाळी लेखी ठरवा. पुढची भांडणं तिथेच होतात. काकांच्या नावावर विकास सोसायटीचं पीककर्ज थकलं असेल तर तेही या हिशेबात धरा.

आत्यांना शेती नको असेल तर सगळ्यांच्या सह्यांनी तेवढे गुंठे विकून पैसे थेट त्यांना द्या. जमीन तासगाव नगरपरिषदेच्या हद्दीत किंवा हद्दीपासून दोन किलोमीटरच्या आत असेल तर विक्रीवर भांडवली नफ्याचा कर लागू शकतो. बाहेरच्या शेतजमिनीला तो नाही.

तडजोड कोर्टापुढेच करा, शक्य असेल तर लोकअदालतीत. तिथल्या निवाड्यावर अपील नाही. नोटरीच्या कागदावर भागवू नका आणि पैसे बँकेतूनच द्या, दोन लाख किंवा जास्त रोख घ्यायला कायद्याने बंदी आहे. त्याआधी एक गोष्ट वकिलांना दाखवा: वडील आणि काकांचं वाटप नोंदणीकृत आहे का, आणि २० डिसेंबर २००४ पूर्वीचं आहे का. तसं असेल तर मुलींच्या हक्काच्या २००५ च्या दुरुस्तीने ते वाटप मोडत नाही. नुसत्या फेरफारावर झालेलं असेल तर आत्यांचा वडिलोपार्जित हक्काचा मुद्दा जड होतो, आणि मग २४ लाखांवर घासाघीस करत बसू नका.

निकाल लागेपर्यंत बाग तुमच्या ताब्यात आहे. उद्या तिच्या उत्पन्नाचा हिशेब कोर्टात मागितला जाऊ शकतो. छाटणीची मजुरी, औषधांच्या पावत्या, बेदाण्याच्या सौद्याची प्रत्येक पट्टी तारखेवार फाईलला लावत जा, आणि त्यातला पैसा पगाराच्या खात्यात मिसळू नका.