तीन संग्रहालयं, तीन गाइड आणि सव्वा लाख रुपये

कर्वेनगरच्या एका ताईंचं पत्र आहे. मे महिन्यात त्या, त्यांचे यजमान, अकरावीतली १६ वर्षांची मुलगी आणि ७४ वर्षांच्या सासूबाई असे चौघं बारा दिवस पॅरिस, फ्लॉरेन्स आणि रोमला निघालेत. टूर कंपनीबरोबर नाही, सगळं स्वतः ठरवून. एकूण बजेट नऊ लाख, तेही मुदत संपलेल्या एफडीतून, कर्ज नाही. वरती एक लाख ‘अडीअडचणीला’ वेगळे ठेवलेत. आता एका गाइड संस्थेने पॅरिसचं लूव्र, फ्लॉरेन्सची उफिझी आणि रोममधली व्हॅटिकन संग्रहालयं अशा तिन्ही ठिकाणी तीन-तीन तासांच्या खासगी फेरीसाठी प्रत्येकी ४२० युरो सांगितलेत, तिकिटं वेगळी. दुसरा पर्याय म्हणजे लूव्रमध्ये वीस जणांच्या ग्रुपबरोबर जायचं, माणशी ८५ युरो, तिकिटासकट. यजमानांचं म्हणणं, ‘यूट्यूबवर सगळं फुकट आहे, हे पैसे इंडेक्स फंडात टाकू.’ ताईंचं म्हणणं, ‘एवढ्या लांब जाऊन नुसतं मोनालिसासमोर सेल्फी काढून यायचं का?’ आणि दोघांनी मिळून ठरवलंय की माझं उत्तर येईल ते मान्य. म्हणजे एक जण नाराज होणार हे नक्की.

ताई, आधी यजमानांचा मुद्दा निकालात काढू. युरो सोयीसाठी १०० रुपये धरला तर तीन गाइडचे १,२६० युरो म्हणजे १ लाख २६ हजार. ही रक्कम १५ वर्षं इंडेक्स फंडात, म्हणजे शेअर बाजाराच्या निर्देशांकाबरोबर वर-खाली होणाऱ्या म्युच्युअल फंडात ठेवली आणि १२ टक्के परतावा मिळाला असं धरलं (धरलं म्हणतोय, मिळेलच असं नाही), तर साधारण सहा लाख नव्वद हजार होतात. गणित बरोबर आहे, पण ते इथे लावायचं कारण नाही. त्या हिशेबाने पुण्यात कोणी अमृततुल्यात चहाही पिऊ नये. तुमच्या एसआयपी चालू आहेत, सहा महिन्यांचा खर्च बाजूला आहे आणि मुलीच्या बारावीनंतरच्या फीची तरतूद वेगळी आहे, असं तुम्हीच लिहिलंय. म्हणजे हे नऊ लाख खर्च करायचेच पैसे आहेत. ते कशावर खर्च करायचे एवढाच प्रश्न उरतो.

आता तुमचा मुद्दा. तुम्ही पत्रात लिहिलंय, ‘एवढे नऊ लाख घालतोच आहोत, तर सव्वा लाखाने काय फरक पडतो?’ हे वाक्य मात्र मला यजमानांच्या गणितापेक्षा जास्त धोक्याचं वाटतं. कार्यालय ठरलं की डेकोरेशनवाला नेमकं हेच बोलतो. आधीचा खर्च मोठा आहे म्हणून पुढचा लहान दिसतो, पण म्हणून तो आवश्यक ठरत नाही. नऊ लाख भागिले बारा, म्हणजे रोज ७५ हजार. दिवसाचे दहा तास बाहेर असाल तर चौघांचा एक तास साडेसात हजारांना पडतो. लूव्रमधले तीन तास साडेबावीस हजार, वर तिकिटं. त्यात गाइडचे ४२ हजार घातले की त्या तीन तासांचा खर्च दुपटीच्याही वर जातो. तेव्हा ‘काय फरक पडतो’ असं म्हणता येणार नाही. पडतो. त्या बदल्यात काय मिळतं ते बघू.

गाइडच्या एका रकमेत तुम्हाला खरं तर तीन वेगळ्या गोष्टी विकल्या जातात: रांग टाळणं, रस्ता दाखवणं आणि समजावून सांगणं.

पहिली तर पैसे देण्याच्या लायकीचीच नाही. ‘स्किप द लाइन’ म्हणजे तिकिटाची रांग टळते, सुरक्षा तपासणीची नाही. आणि तिकिटाची रांग तर घरबसल्या वेळेचा स्लॉट घेतलेल्या कोणाचीही टळते. लूव्रच्या अधिकृत संकेतस्थळावर तुम्ही स्वतः तिकीट काढू शकता. एक लक्षात घ्या, १४ जानेवारी २०२६ पासून युरोपीय आर्थिक क्षेत्राबाहेरच्या, म्हणजे तुमच्यासारख्या पर्यटकांना लूव्रचं तिकीट २२ वरून ३२ युरो झालंय. जुने ब्लॉग वाचून बजेट केलं असेल तर सुधारा. १८ वर्षांखालच्यांना मात्र प्रवेश मोफत आहे, कुठल्याही देशाचे असोत. म्हणजे पैसे भरायची तिकिटं चार नाहीत, तीनच: ९६ युरो.

आणि इथेच त्या ग्रुपवाल्यांच्या आकड्याकडे जरा नीट बघा. माणशी ८५ म्हणजे चौघांचे ३४०. त्यात मुलीचंही ‘तिकिटासकट’ ८५ धरलंय, जिला तिकिटाचे पैसेच लागत नाहीत. ३४० मधून ९६ वजा केले की नुसत्या गाइडचे २४४ युरो होतात. खासगी गाइडचे ४२०. फरक १७६ युरोंचा, साडेसतरा हजार रुपयांचा. हा फरक देण्यासारखा आहे का, त्याकडे येतो.

दुसरी गोष्ट, रस्ता. माझ्या मते सगळा निर्णय इथे आहे, आणि तिन्ही ठिकाणांचं उत्तर वेगवेगळं येतं.

लूव्र हा मुळात राजवाडा. मांडलेल्या वस्तूच सुमारे ३५ हजार, तीन मोठे विभाग, आणि त्यांच्यात जिने, अर्धे जिने, पुन्हा जिने. ‘विंग्ड व्हिक्टरी’, म्हणजे पंखवाल्या विजयदेवतेचा ग्रीक पुतळा, जिन्याच्या डोक्यावर उभी आहे. बॅबिलोनचा राजा हम्मुराबीचा, कायदे कोरलेला काळा शिलालेख वेगळ्याच विभागात आहे. नकाशा हातात धरून ७४ वर्षांच्या बाईंना घेऊन हे शोधायचं म्हणजे पहिला तासभर ‘इकडे की तिकडे’ यातच जाणार. लिफ्ट कुठे आहेत, बसायला बाक कुठे आहेत, कुठली दालनं टाळायची, हे माहीत असलेला माणूस इथे कामाचा. चाकाची खुर्ची लूव्र ओळखपत्रावर मोफत देतं, ती सासूबाईंसाठी जरूर घ्या. त्या ‘मला काय झालंय’ म्हणतील, तरीही घ्या.

उफिझीत हा प्रश्नच नाही. इंग्रजी ‘यू’सारख्या आकाराची इमारत, आणि दालनं बरीचशी काळाच्या क्रमानेच लावलेली. सुरुवातीच्या एका दालनात चिमाबुए, दुच्चो आणि जोत्तो या तिघा जुन्या इटालियन चित्रकारांच्या, सिंहासनावर बसलेल्या तीन मोठ्या मेरी (येशूची आई) आहेत. नुसतं आळीपाळीने तिघींकडे बघा. पहिल्या दोघी सोन्याच्या पार्श्वभूमीवर अलगद टेकवल्यासारख्या आहेत. जोत्तोची मात्र खरंच बसलीये, वस्त्राखाली गुडघे जाणवतात. पुढे बोत्तिचेल्लीची ‘व्हीनसचा जन्म’ आणि ‘प्रिमाव्हेरा’. एवढ्यासाठी ४२ हजार? तुमच्या मुलीला सुट्टीत आठवडाभर ही पाच-सहा चित्रं वाचायला सांगा आणि त्या दिवशी तीच गाइड. (सोमवारी उफिझी बंद असते.)

व्हॅटिकनमध्ये उलट गंमत आहे. तिथला रस्ता गर्दीच ठरवते. लांबच लांब दालनांतून सगळे एकाच दिशेने सिस्टिन चॅपल या पोपच्या प्रार्थनामंदिराकडे सरकतात, चुकायला वावच नाही. आणि ज्यासाठी लोक मुख्यतः जातात त्या चॅपलमध्ये गाइडला बोलायची परवानगी नाही. तिथे शांतता पाळायची, फोटोही काढायचा नाही. त्यामुळे गाइड आधीच बाहेर, छायाचित्रांचे फलक दाखवून मायकेलअँजेलोचं छत समजावतो आणि आत सगळे गप्प मान वर करून बघतात. १५०८ ते १५१२ या काळातलं ते छत, मधल्या पट्ट्यात बायबलमधल्या उत्पत्तीच्या कथेचे नऊ प्रसंग, समोरच्या भिंतीवर नंतरचा ‘अंतिम न्याय’. हे फलकांवरचं काम घरी आदल्या आठवड्यात तासाभरात होतं. तिकीट २० युरो, ऑनलाइन स्लॉटचे वर ५. विषय संपला.

तिसरी गोष्ट म्हणजे समजावून सांगणं. यजमान म्हणतात ती माहिती खरंच फुकट आहे. उदाहरण देतो. मोनालिसा ७७ बाय ५३ सेंटिमीटरची, काचेमागे, आणि पुढे मोबाइल उंचावलेली गर्दी. त्याच दालनात तिच्या बरोब्बर समोर, म्हणजे सगळ्यांच्या पाठीमागे, जवळजवळ दहा मीटर रुंद चित्र आहे: वेरोनेझेचं ‘काना येथील लग्न’, १५६३ सालचं. व्हेनिसच्या एका मठाच्या भोजनगृहासाठी काढलेलं, १७९७ मध्ये नेपोलियनच्या सैन्याने तुकडे करून पॅरिसला आणलेलं. भर पंगतीत दारू संपलीये आणि येशू पाण्याची दारू करतो, ती कथा. शंभरावर माणसं आहेत, वाजंत्री आहेत, कुत्री आहेत. उजवीकडे एक वाढपी रांजण तिरका करून ओततोय. ज्यांचं लग्न आहे ते नवरा-नवरी कुठे आहेत? डाव्या कोपऱ्यात, टेबलाच्या टोकाला, कोणाचंच लक्ष नाही त्यांच्याकडे. मधोमध येशू बसलाय आणि त्याच्या डोक्यावरच्या सज्जात कोणी मांस कापतंय. येशूला कोकरू म्हणतात, त्याचा हा इशारा समजला जातो.

हे सगळं तुम्हाला आत्ता फुकटात मिळालं. तेव्हा माहितीसाठी गाइड लावू नका. मुद्दा आहे तो सासूबाईंचा. त्यांना इंग्रजी समजत नाही असं तुम्ही ओझरतं लिहिलंय, पण सगळ्यात महत्त्वाचं तेच आहे. गाइड बोलणार इंग्रजीत. ग्रुपमध्ये कानात हेडफोन असतो. तुम्ही त्यांना एक वाक्य मराठीत सांगेपर्यंत गाइड पुढच्या चित्रापाशी पोचलेला, वीस जणांच्या मागे तुम्ही धावताय. म्हणजे एकाचे ८५ युरो वाया आणि अनुवाद करणाऱ्याचेही निम्मे. खासगी गाइड थांबतो. तुम्ही सांगा, त्या प्रश्न विचारतील, तो पुन्हा उलगडून सांगेल. कीर्तनं ऐकलेल्या बाईंना त्या लग्नाच्या गोष्टीत तुमच्याआधी रस वाटेल, अशी माझी अटकळ आहे. म्हणून म्हणतो, जास्तीचे साडेसतरा हजार तुमच्या घरासाठी देण्यासारखे आहेत. दोघंच तरुण असता तर मी ग्रुपही घेऊ नका म्हटलं असतं.

तेव्हा: लूव्रला खासगी गाइड घ्या, उफिझी आणि व्हॅटिकनचे रद्द करा. ८४ हजार वाचले. लूव्रचेही तीन तास नकोत, दोन तासांचा भाव विचारा. दोन तासांनंतर सासूबाईच काय, तुमचे यजमानही बाक शोधायला लागतील. यावर विश्वास नसेल तर एखाद्या रविवारी चौघं शुक्रवार पेठेतल्या राजा दिनकर केळकर संग्रहालयात जा. कोथरूडहून आणून उभा केलेला मस्तानी महाल, दिवे, अडकित्ते सगळं बघा आणि कोण किती वेळात कंटाळतं, पाट्या कोण वाचतं, सासूबाई किती वेळ उभ्या राहू शकतात याची नोंद करा. परदेशातला खर्च ठरवण्याआधी इतकी स्वस्त चाचणी दुसरी नाही. मुलीला चित्रांची खरंच ओढ असेल तर साताऱ्याकडे औंधच्या श्रीभवानी संग्रहालयातही घेऊन जा. राजा रविवर्मांची मूळ चित्रं आणि ब्रिटिश शिल्पकार हेन्री मूरचं शिल्प एका छपराखाली बघायला पॅरिसला जावं लागत नाही.

पैसे कुठून काढायचे? अडीअडचणीच्या लाखाला हात लावायचा नाही. तो हॉस्पिटल, चुकलेली गाडी, हरवलेला पासपोर्ट यांच्यासाठी आहे, गाइडसाठी नाही. तुमच्या यादीत ‘खरेदी’ म्हणून १ लाख २० हजार दिसतात. त्यातून काढा. आयफेल टॉवरच्या किचेनी थोड्या कमी वाटा, नातेवाईक जगतील.

बुक करण्याआधी गाइडला ईमेलवर तीन गोष्टी विचारा. फ्रान्समध्ये संग्रहालयात फेरी घ्यायला व्यावसायिक ओळखपत्र लागतं, ते आहे का? चाकाच्या खुर्चीने जाता येईल असा मार्ग आखून देणार का? आणि संग्रहालयच बंद राहिलं तर पैसे परत की नाही? हा शेवटचा प्रश्न उगाच नाही. २०२५ मध्ये जूनमध्ये आणि पुन्हा डिसेंबरमध्ये कर्मचाऱ्यांच्या आंदोलनामुळे लूव्रची दारं उघडलीच नाहीत किंवा उशिरा उघडली. ‘नॉन-रिफंडेबल’ म्हणून दहा टक्के स्वस्त देत असतील तर नको म्हणा.

क्रेडिट कार्डाने भरणार असाल तर कार्डाचा परकीय चलनाचा अधिभार बघा. अनेक कार्डांवर तो साडेतीन टक्क्यांपर्यंत असतो, वर जीएसटी. ४२० युरोंवर म्हणजे सतराशेच्या आसपास. फॉरेक्स कार्ड (आधीच परकीय चलन भरून ठेवलेलं कार्ड) असेल तर ते वापरा. आणि तिथल्या यंत्राने किंवा संकेतस्थळाने ‘रुपयांत भरायचे का?’ असं विचारलं, तर युरोच निवडा. रुपयांचा दर ते त्यांच्या सोयीने लावतात.

लूव्र मंगळवारी बंद असतं, बुधवारी आणि शुक्रवारी रात्री नऊपर्यंत उघडं. तुमच्या कार्यक्रमात ते मंगळवारीच टाकलंय. बुधवारी संध्याकाळी करा. मुलीचं तिकीट शून्य रकमेचं असलं तरी तिच्या नावाने स्लॉट घ्या आणि वय दाखवायला तिचा पासपोर्ट हॉटेलात ठेवू नका.