ओवी कुणाची, वही कुणाची?

प्रश्न: माझी आजी (वडिलांची आई) जात्यावर ओव्या म्हणायची. १९९१ मध्ये त्यातल्या दीडशे मी वहीत उतरवल्या, विषयवार लावल्या, अवघड शब्दांना टिपा दिल्या. आजी १९९८ मध्ये गेली. एका ओळखीच्या प्राध्यापकांनी वही वाचायला नेली होती. आता त्यांचं पुस्तक आलंय, त्यावर लेखक म्हणून तेच! वहीची नोंदणी केलेली नाही. काही करता येईल?
– एक वाचक, वाई

उत्तर: नोंदणीचं सोडा, ती सक्तीची नाहीच. मेख आहे ती ‘आजीच्या ओव्या’ या शब्दांत. माझी आई भाऊरायाची ओवी म्हणायची तेव्हा त्यात मामाचं नाव यायचं. शेजारच्या काकू तीच ओवी त्यांच्या भावाच्या नावाने म्हणायच्या. चोरी केली असं दोघींनाही कधी वाटलं नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याला मात्र लेखक दाखवावा लागतो. परंपरेने आलेल्या ओव्यांवर ना तुमचा हक्क, ना प्राध्यापकांचा. आजीने स्वतः रचलेल्या काही दाखवता आल्या, तर त्यांचा हक्क अजूनही वारसांचा. सगळ्या वारसांचा बरं का, तेव्हा आत्यांनाही विचारा.

तुमची भक्कम बाजू म्हणजे वही. नुसत्या उतरवण्याच्या कष्टांवर भागत नाही. इस्टर्न बुक कंपनीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्येच सांगितलंय की थोडी तरी स्वतःची बुद्धी दिसायला हवी. तुमची निवड आणि क्रम यांत ती दाखवता येईल. टिपा तर सरळ तुमच्याच.

आता वही आणि पुस्तक शेजारी ठेवून दोन्हींत सारख्याच असलेल्या चुका शोधा. माझ्या एका अशिलाने ‘वैरण’ला टीप दिली होती: गुरांचा चारा. ओवीतली वैरण म्हणजे जात्यात टाकायची धान्याची मूठ! समोरच्याच्या छापील पुस्तकातही गुरांचा चाराच निघाला. पुढे फार वाद झाला नाही.

‘दुसऱ्याचं ते आपलं म्हणतात’ हे दुसऱ्याचे अभंग आपल्या नावावर खपवणाऱ्या सालोमालोबद्दलचं गाऱ्हाणं तुकोबांनी अभंगात मांडलं. तुमच्या हाती याच कायद्याचं कलम ५७ आहे: हक्क विकला तरी आपल्या लेखनावर आपलं नाव मागता येतं. तुम्ही तर काहीच विकलेलं नाही. आधी प्राध्यापक आणि प्रकाशक दोघांनाही स्पीड पोस्टाने पत्र पाठवा. दाव्याची मुदत तीन वर्षांची आहे, त्यामुळे रेंगाळू नका. वही परत आली नसेल तर ती आधी मागून घ्या. यापुढे कुणालाही द्याल ती झेरॉक्स.