८२ हजार किलोमीटर झालेल्या ऑटोमॅटिक आय-टेनचा गिअरबॉक्स फिल्टर बदलावा का?

प्रश्न: माझ्याकडे २०११ची ह्युंदाई आय-टेन १.२ ऑटोमॅटिक आहे. सेकंडहँड घेतलेली, ८२ हजार किमी झालेत. सकाळी पहिल्यांदा डीमध्ये टाकली की दीड-दोन सेकंद काहीच होत नाही, मग धक्का देऊन निघते. एकदा तापली की ठीक चालते. सर्व्हिस सेंटरवाले म्हणतात, गिअरबॉक्सचं ऑइल आयुष्यभराचं असतं, हात लावू नका. गल्लीतला मेकॅनिक म्हणतो, चेंबर उघडून फिल्टर बदलू. कोणाचं ऐकू?

उत्तर:

मेकॅनिकचं ऐका, पण अर्धंच. फिल्टर बदलायला काहीच हरकत नाही. मात्र त्याआधी बॉनेट उघडून गिअरबॉक्सची दांडी (ऑइलची पातळी बघायची डिपस्टिक) बाहेर काढा आणि ऑइल किती आहे, कोणत्या रंगाचं आहे, वास कसा येतो ते स्वतः बघा. तुम्ही सांगताय तो त्रास नुसतं ऑइल कमी असलं तरी होतो, आणि तेवढ्यासाठी चेंबर खोलायची गरज नाही.

आमच्या घरात हीच गाडी आहे, २०१०ची. बाबांचा डावा गुडघा कुरकुर करायला लागला, क्लच दाबवेना, म्हणून नाशिकमध्येच सेकंडहँड घेतली. दोन-तीन वर्षांत तुमच्यासारखंच सुरू झालं. सकाळी सोसायटीतून निघताना बाबा डी लावायचे, गाडी विचार करायची, मग एकदम गचका. आईने शेजारच्या सीटवर बसून पाण्याची बाटली उघडायचं सोडून दिलं होतं. २०२१मध्ये ऑइल आणि फिल्टर दोन्ही बदललं, आणि त्या कामात मी पूर्णवेळ टॉर्च धरून उभा होतो. म्हणून एवढं लिहितोय.

आधी एक खुलासा, कारण हल्ली 'ऑटोमॅटिक' म्हटलं की सगळे एकाच टोपलीत घालतात. २०१४च्या सेलेरिओपासून आपल्याकडे ज्या एएमटी गाड्या आल्या, त्यात गिअरबॉक्स साध्या मॅन्युअल गाडीचाच असतो. क्लच दाबायचं आणि गिअर टाकायचं काम फक्त यंत्र करतं. त्यात हा फिल्टर नसतोच. सीव्हीटीची (ठरावीक गिअर नसलेल्या, पट्ट्यावर चालणाऱ्या गिअरबॉक्सची) गोष्ट निराळी, तिचं ऑइलही निराळं. जुन्या होंडा सिटीच्या ऑटोमॅटिकमध्ये आतली जाळी गिअरबॉक्स खोलल्याशिवाय हाती लागत नाही, तिथे फक्त ऑइल बदलतात. तुमची आय-टेन मात्र जुन्या वळणाची: चार गिअर, टॉर्क कन्व्हर्टर (क्लचऐवजी ऑइलमार्फत ताकद पुढे देणारा भाग), खाली पत्र्याचा चेंबर आणि चेंबरच्या आत फिल्टर. त्यामुळे मेकॅनिक जे म्हणतोय ते तुमच्या गाडीत करता येतं. व्हॉट्सअ‍ॅपवर एखादा मित्र 'माझ्या एएमटी वॅगन-आरला असलं काही लागत नाही' म्हणाला तर त्याचंही खरंच आहे.

आता 'आयुष्यभराचं ऑइल'. गाडीसोबतचं माहितीपुस्तक (मॅन्युअल) काढून सर्व्हिसचं कोष्टक बघा. साध्या वापराचं एक कोष्टक असतं आणि खडतर वापराचं दुसरं. थांबत-थांबत चालणारं शहरातलं ट्रॅफिक, उकाडा, घाट, धूळ हे सगळं दुसऱ्या कोष्टकात येतं. आता तुम्हीच सांगा, आपल्याकडे पहिल्या कोष्टकातली गाडी कोणाची असते? दहा-बारा वर्षांचं ऑइल आयुष्यभर टिकलं असं म्हणायचं तर आधी त्याचा रंग बघायला हवा.

या गिअरबॉक्समध्ये ऑइल म्हणजे नुसतं वंगण नाही. इंजिनाची ताकद टॉर्क कन्व्हर्टरमधून पुढे नेणारं तेच, आतल्या क्लच प्लेटा दाबून धरणारं तेच, आणि सगळी उष्णता बाहेर काढणारंही तेच. पंप हे ऑइल चेंबरमधून फिल्टरमार्गे ओढतो. फिल्टर गच्च झाला किंवा ऑइलच कमी असलं तर पंपाला पुरेसं मिळत नाही, तो हवा ओढतो, दाब तयार व्हायला वेळ लागतो. थंडीत ऑइल घट्ट असतं तेव्हा हे जास्त जाणवतं. तुमची सकाळची दीड-दोन सेकंदं त्यातलीच असू शकतात. 'असू शकतात' मुद्दाम म्हणतोय, कारण झिजलेल्या सीलमुळेही असंच होतं आणि ते फिल्टरने सुटत नाही. गचक्यात इंजिन माउंटिंगचाही (इंजिन ज्यावर टेकतं त्या रबरी आधाराचाही) हात असतो. आमच्या गाडीत एक माउंटिंग दबून गेलेलं निघालं होतं.

दांडी बघायची पद्धत इथे महत्त्वाची. इंजिन ऑइलसारखी गाडी बंद करून बघू नका. दहा-पंधरा किलोमीटर चालवून आणा, सपाट जागी उभी करा, हँडब्रेक लावा, इंजिन चालूच ठेवा. ब्रेकवर पाय ठेवून लीव्हर पीपासून खालपर्यंत प्रत्येक ठिकाणी दोन-दोन सेकंद थांबवत फिरवून आणा, मग दांडी पुसून बघा. ऑइल 'हॉट' लिहिलेल्या पट्ट्यात हवं. पांढऱ्या टिश्यूवर थेंब टाका. नवं असतं तेव्हा ते रूह अफजासारखं लाल असतं. तपकिरी झालं असेल तर बदलायची वेळ झाली. काळं आणि करपलेल्या डाळीसारखा वास असेल तर क्लच प्लेटा जळल्यात, मग अपेक्षा कमी ठेवा.

आमचं तपकिरी निघालं, वास ठीक होता. सातपूरचे आमचे नेहमीचे मिस्त्री, ज्यांना सगळे चाचा म्हणतात, त्यांनी काम घेतलं. त्यांची पहिली अट होती की घाई करायची नाही आणि तुम्ही मध्ये बोलायचं नाही.

गाडी कोमट होती, गरम नव्हती. रॅम्पवर घेतली, चेंबरचा ड्रेन बोल्ट काढला आणि जुनं ऑइल पसरट ट्रेमध्ये घेतलं. मग चाचांनी ते पाण्याच्या लिटरच्या बाटल्यांमध्ये ओतून ओळीने मांडलं. चार बाटल्या, शेवटची थोडी रिकामी. मला वाटलं भंगारवाल्यासाठी मोजताहेत. ते म्हणाले, "जितकं निघालं तितकंच आधी भरायचं. बाकी नंतर दांडी सांगेल." नंतर कळलं की बरंचसं ऑइल टॉर्क कन्व्हर्टरमध्ये अडकलेलं असतं, ते या बोल्टमधून येतच नाही. मॅन्युअलमधला पूर्ण क्षमतेचा आकडा बघून तेवढं ओतलं तर गिअरबॉक्स काठोकाठ भरतो.

चेंबर काढणं हेच खरं कष्टाचं. या गाडीत रबरी पॅकिंग नसतं, सिलिकॉन पेस्टने चिकटवलेला असतो. दहा नंबरचे बोल्ट एका बाजूचे सैल ठेवून बाकीचे काढले, तरी चेंबर हलेना. चाचांनी पातळ पात्याने कडेकडेने पेस्ट कापत नेली, मध्ये रबरी हातोडीने हलकेच टोले. स्क्रू-ड्रायव्हर घालून उचकटायचा मोह होतो, पण वरची बाजू अ‍ॅल्युमिनियमची, तिला एक ओरखडा गेला की तिथून जन्मभर गळती. तुमचा मेकॅनिक पहार काढताना दिसला तर त्याला चहाला घेऊन जा.

चेंबर खाली आला आणि मला त्या कामातली सगळ्यात बघण्यासारखी गोष्ट दिसली. तळाला लोहचुंबक असतात, त्यांच्यावर करड्या रंगाची साय जमली होती, बोटांवर चोळली तर काजळासारखी मऊ. ही चालते, वर्षानुवर्षांच्या झिजेचा तो बारीक चुरा. चाचांनी ती दोन बोटांत चोळून टॉर्चखाली धरली आणि काही टोचतंय का ते पाहिलं. टोचत असेल, चकचकीत कपचे किंवा तारेसारखे तुकडे दिसत असतील तर आत काहीतरी तुटतंय, आणि नवा फिल्टर घालून चेंबर बंद करणं म्हणजे पैसे वाया. म्हणून मेकॅनिकला आत्ताच सांगून ठेवा: चेंबर उघडल्यावर धुण्याआधी मला बोलवा. धुतलेल्या चेंबरमध्ये काहीच कळत नाही.

फिल्टर स्वतः दहा मिनिटांचं काम. त्याचे बोल्ट काढायचे, जुना खाली घ्यायचा, नवा त्याच जागी बसवायचा. फक्त फिल्टरचेच बोल्ट काढायचे, बाजूला व्हॉल्व्ह बॉडीचेही (ऑइल कुठे जायचं ते ठरवणाऱ्या भागाचेही) दिसतात, त्यांना हात लावायचा नाही. नव्या फिल्टरसोबत रबरी रिंग आली असेल तर जुनी वर चिकटून राहिली नाही ना हे बोटाने चाचपायचं. दोन रिंगा एकावर एक बसल्या की पंप हवा ओढतो आणि तुमची तक्रार दुप्पट होऊन परत येते.

चेंबर पेट्रोलने धुतला, चुंबक पुसून होते तिथेच परत ठेवले. एक गोष्ट चाचांनी पोराला ओरडून सांगितली: आतून पुसायला कॉटन वेस्ट वापरायचं नाही. त्याचे धागे सुटतात आणि व्हॉल्व्ह बॉडीच्या केसाएवढ्या वाटांमध्ये जाऊन बसतात. धागे न सुटणारं कापड घ्या. पेस्टचंही तेच. गॅरेजमध्ये सरसकट अ‍ॅनाबॉन्ड म्हणतात, ती बारीक एकसारखी रेघ ओढून लावायची. ढिगाने लावली की बोल्ट आवळल्यावर निम्मी आत पिळून येते, आणि तुम्ही नुकताच बसवलेला फिल्टर तीच गोळा करतो. पेस्ट वाळायला वेळ द्या. आमची गाडी रात्रभर तिथेच होती, ऑइल सकाळी भरलं.

ऑइलबाबत हट्ट धरा. या गाडीला एसपी-थ्री लागतं. नंतरच्या सहा गिअरच्या ह्युंदाईंना एसपी-फोर लागतं आणि काही दुकानदार 'नवीन आहे, जास्त चांगलं' म्हणून तेच पुढे करतात. नको. आतल्या क्लच किती सरकाव्यात आणि किती पकडाव्यात हे ऑइलवर ठरतं, इथे 'वरचा ग्रेड' असं काही नसतं. सीलबंद डबे तुमच्यासमोर उघडायला लावा. आम्हाला ऑइल, फिल्टर, मजुरी आणि माउंटिंग मिळून साडेपाच हजारांच्या आसपास खर्च आला होता.

आता माझा पराक्रम. काम झाल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी मी गार गाडीची दांडी काढली, ऑइल 'हॉट'च्या बरंच खाली दिसलं. चाचांना विचारायचं सोडून उरलेल्या डब्यातलं अर्धा लिटर नरसाळ्याने ओतून मोकळा झालो. दोन दिवसांनी मुंबईहून परतताना कसारा घाट चढलो आणि इगतपुरीला चहाला थांबलो, तर बॉनेटखालून गरम ऑइलचा वास आणि गिअरबॉक्सच्या ब्रीदरपाशी (हवा बाहेर जायच्या नळीपाशी) ओलं. ऑइल जास्त झालं की फिरते भाग त्याला घुसळतात, फेस होतो आणि तो वरून बाहेर पडतो. ऑइल गार असताना कमी दिसतं आणि तापलं की फुगून वर येतं, एवढं साधं मला सुचलं नाही. घरी आल्यावर मेडिकलमधून सलाइनची नळी आणि मोठी सिरिंज आणली आणि दांडीच्या नळीतून ओढून-ओढून अर्धा लिटर बाहेर काढलं. तासभर लागला. बाबा खुर्ची टाकून बघत बसले होते.

मशीन लावून पूर्ण फ्लश करून देतो असं कोणी म्हटलं तर माझं मत विरोधात आहे. इतकी वर्षं न हललेला गाळ दाबाने उठवायची गरज नाही. त्याऐवजी एकदा चेंबर-फिल्टरसकट बदला, आणि चार-पाच हजार किलोमीटरनंतर फक्त ड्रेन बोल्ट उघडून निघेल तेवढं पुन्हा नवं घाला. कन्व्हर्टरमधलं जुनं त्यात मिसळून हळूहळू निघून जातं. आम्ही तसंच केलं.

'जुनं ऑइल बदललं की गिअरबॉक्स बसतो' हेही तुम्हाला कोणीतरी ऐकवेल. बहुतेक वेळा उलटं असतं: लोक ऑइल बदलायला येतात तेच गिअरबॉक्स घसरायला लागल्यावर. रेस दिली की इंजिन ओरडतं पण गाडी पळत नाही, असं होत असेल तर तो रोग फिल्टरच्या पलीकडचा आहे. तुम्ही म्हणताय की तापल्यावर ठीक चालते, म्हणून मला आशा वाटते.

आमच्या गाडीचा सकाळचा गचका गेला. थोडा उशीर अजून होतो, डिसेंबर-जानेवारीत जास्त. बाबा इंजिन चालू करून चष्मा पुसतात, मग डी लावतात.

तर उद्या सकाळी आधी दोन गोष्टी बघा. रात्रभर गाडी उभी होती त्या जागी लाल-तपकिरी डाग पडलाय का, आणि गाडी तापवून आणल्यावर दांडीवर ऑइल कुठवर येतंय. डाग असेल तर आधी गळती शोधा. दांडीवर कमी पण ऑइल लालसर असेल तर एसपी-थ्री पाव-पाव लिटर घालत 'हॉट'पर्यंत आणा आणि आठवडाभर चालवून बघा. फरक पडला नाही किंवा ऑइल तपकिरी निघालं, तर मग चेंबर उघडायला सांगा. चुंबकांचा फोटो मात्र धुण्याआधी काढा.