गायरानावरचं अतिक्रमण : आदेश निघाला, पण आता अपील झालंय

प्रश्न : नमस्कार वकील साहेब, आमच्या गावच्या गायरानात एकाने तारेचं कंपाउंड टाकून पत्र्याचं शेड मारलंय आणि गुरांचा पाणी प्यायचा सिमेंटचा हौदपण आत घेतलाय. गुरं तारेपाशी येऊन उभी राहतात आणि परत फिरतात, बघवत नाही. दोन वर्षं चकरा मारल्या तेव्हा कुठे तहसीलदारांनी अतिक्रमण काढायचा आदेश काढला, तर त्याने लगेच प्रांताकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे) अपील टाकलं. तलाठी भाऊसाहेब म्हणतात, मॅटर अपिलात आहे, आता काही होणार नाही. खरंय का हे? - एक शेतकरी

उत्तर : दादा, नाही. नुसतं अपील दाखल झालं म्हणून आदेश थांबत नाही, स्टे, म्हणजे स्थगिती, वेगळा मागावा लागतो आणि तो लेखी मिळावा लागतो. उद्याच प्रांत ऑफिसला जा, नक्कल अर्ज (कागदांच्या प्रती मागायचा अर्ज) करा आणि अपिलाचा अर्ज, रोजनामा (कोणत्या तारखेला काय झालं त्याची नोंद) आणि स्टे असेल तर त्याची कॉपी घ्या. स्टे नसेल तर तहसीलदारांना लेखी द्या की स्थगिती नाही, अंमलबजावणी करा, आणि पोचपावती घ्या. स्टे "पुढील तारखेपर्यंत" असेल तर ती तारीख उलटल्यावर तो वाढवलाय का ते रोजनाम्यात बघा, इथेच लोक फसतात.

मुदतपण तपासा. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेत (१९६६) तहसीलदारांच्या आदेशावर कलम २४७ खाली प्रांताकडे अपील होतं आणि त्याला ६० दिवस असतात, नकलेला लागलेले दिवस त्यातून वजा होतात. उशीर झाला असेल तर तो माफ करायचा वेगळा अर्ज हवा, त्याला विरोध करा.

आता सगळ्यात महत्त्वाचं. अशा अपिलात बऱ्याचदा फक्त तहसीलदारांना समोर पार्टी करतात, गावाला पत्ताच नसतो, सरकारी बाजूने कोणी नीट बोलत नाही आणि आदेश रद्द होऊन येतो. तुम्ही मूळ तक्रारदार आहात ना, मग हस्तक्षेप अर्ज (मलाही यात पार्टी करा, असा अर्ज) देऊन आत शिरा. सोबत गायरानाचा सातबारा, गाव नमुना १-ई मधली अतिक्रमणाची नोंद, मोजणीची क प्रत (मोजणीचा नकाशा), पंचनामा आणि हौद ग्रामपंचायतीने बांधला असेल तर त्या खर्चाचा कागद लावा, त्या हौदाचा फोटो तर हवाच. समोरचा बहुतेक एकच म्हणेल, मला नोटीस नाही, माझं ऐकून घेतलं नाही. नोटीस बजावल्याची सही फाइलमध्ये आहे का ते आधीच बघून ठेवा, नसेल तर केस परत तहसीलदारांकडे जाऊ शकते, तेव्हा निदान फेरसुनावणीला ठरावीक मुदत घालून मागा.

"मी इतकी वर्षं आहे, इतका खर्च केला" याला उत्तर सुप्रीम कोर्टाने २८ जानेवारी २०११ ला जगपाल सिंग विरुद्ध पंजाब राज्य या निकालात दिलंय. पतियाळा जिल्ह्यातल्या गावतळ्याची केस होती ती. कोर्ट म्हणालं, जुना कब्जा किंवा मोठा खर्च हे अतिक्रमण कायम करायचं कारण होऊ शकत नाही. भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना सरकारी पट्ट्याने दिलेली जागा, शाळा, दवाखाना अशांना मात्र सूट ठेवलीय, आणि ती ठेवायलाच हवी होती. म्हणून तुमचा समोरचा त्यात बसतो का हे प्रामाणिकपणे बघा.

प्रांतांनी विरोधात निकाल दिला तर पुढे कलेक्टरकडे अपील आहे. समोरचा दिवाणी कोर्टात मनाई मागायला जाईल असं वाटलं तर आधीच कॅव्हेट (माझं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका, असा अर्ज) टाका, ते ९० दिवस चालतं.

प्रश्न : मी ग्रामपंचायत सदस्य आहे, सासऱ्यांनी सरकारी जागेत बांधलेल्या घरात आम्ही राहतो. अतिक्रमण मी केलेलं नाही, तरी मला अपात्र करतील का?

उत्तर : ताई, करू शकतात. जनाबाई नावाच्या ग्रामपंचायत सदस्याच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने २०१८ मध्ये सांगितलं की अतिक्रमण घरच्यांनी केलं असलं तरी सदस्य तिथे राहत राहिला तर तोही अपात्र ठरतो. कलेक्टरांचा आदेश विरोधात गेला तर अपिलाला फक्त १५ दिवस आहेत, त्यामुळे आदेशाची कॉपी त्याच दिवशी मागा.