अपरिचित इंग्रजी शब्दांची व्याख्या लिहिताना

तुम्ही नव्याने व्याख्या लिहू लागला आहात, म्हणून आधी हे सांगतो की शब्द जितका अपरिचित, तितकी त्याची व्याख्या सोपी असावी. इंग्रज कोशकार सॅम्युअल जॉन्सन यांनी १७५५ च्या कोशात 'नेटवर्क' हा साधा शब्द 'रेटिक्युलेटेड' आणि 'डिकसेटेड' या अवघड शब्दांनी समजावला. तो मोह आपल्यालाही होतोच. विशेषणाची व्याख्या नामाने करू नये, हे वेगळे सांगायला नकोच.

आधी वस्तूचा वर्ग सांगावा आणि मग तिला त्या वर्गातील इतरांपासून वेगळे करणारे लक्षण द्यावे. 'ॲग्लेट' म्हणजे 'बुटाच्या नाडीचा भाग' एवढ्याने काम अर्धेच होते. 'नाडी सहज ओवता यावी आणि तिचे टोक उसवू नये म्हणून टोकाला बसवलेली धातूची किंवा प्लास्टिकची छोटी नळी' असे लिहिल्यावर वस्तू डोळ्यांसमोर उभी राहते. 'पेट्रिकोर' हा शब्द ऑस्ट्रेलियातील इझाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड थॉमस या संशोधकांनी १९६४ मध्ये घडवला, आणि त्याचा अर्थ नुसता 'पावसाचा वास' असा देणे चूक आहे, कारण बराच काळ कोरड्या राहिलेल्या जमिनीवर पाऊस पडणे ही त्यातली मुख्य अट आहे.

विषयक्षेत्राची नोंद, म्हणजे तो अर्थ कोणत्या विषयात चालतो याचा उल्लेख, मात्र कधीही गाळू नका. 'सिनिस्टर' म्हणजे एरवी अनिष्टसूचक. परंतु युरोपीय कुलचिन्हांच्या (ढालीवर काढलेल्या घराण्यांच्या चिन्हांच्या) शास्त्रात तो ढाल धरणाऱ्याची डावी बाजू, म्हणजेच पाहणाऱ्याची उजवी बाजू दर्शवतो.