डोळ्यांत माती गेली म्हणे!

चि. पैलवानास,
अनेक आशीर्वाद.

परवा कोल्हापूरच्या खासबाग मैदानात कुस्तीत चितपट झालास आणि थेट नळावर गेलास. डोळ्यांत माती गेली म्हणालास. मातीनं पाणी येतं, खरं. पण मातीनं गळा दाटत नाही लेका! मन हललं की जास्त हवा घ्यायला घसा उघडा राहू पाहतो आणि आवंढा गिळताना तोच मिटावा लागतो. त्या ओढाताणीचा तो गोळा. अश्रूही आधी डोळ्याच्या कोपऱ्यातल्या बारीक छिद्रांतून नाकात उतरतात. तिथं मावेनात तेवढेच गालावर येतात.

डार्विननं १८७२ मध्ये भावनेच्या अश्रूंना विशेष हेतू नसलेला आनुषंगिक परिणाम मानलं. मला ते पटत नाही. रॉबर्ट प्रोव्हाइन या अमेरिकन संशोधकानं २००९ मध्ये रडणाऱ्या चेहऱ्यांच्या फोटोंतले फक्त अश्रू पुसून ते लोकांना दाखवले. बाकी चेहरा तोच, तरी दुःख कमी वाटलं. काही चेहरे तर नुसते विचारात पडल्यासारखे दिसले. तान्हं पोर पहिले काही आठवडे आवाजानंच रडतं, डोळ्यांतून पाणी फारसं येत नाही. त्या आवाजानं अख्खी गल्ली जागी होते. अश्रू मात्र जवळच्यालाच दिसतात. ज्याला दाखवायचे तोच तू टाळलास.

रडलं की मन हलकं होतं म्हणतात, पण दर वेळी नाही होत. चोरून, लाजत रडलं तर उलट जड वाटतं. पाठीवर हात ठेवणारं कोणी असलं की उतार पडतो. २०१९ चा पूर ओसरल्यावर शिरोळकडे रिकाम्या गोठ्यासमोर दांडगे बाप्ये ढसाढसा रडले. त्यांना कोणी नामर्द म्हटलं नाही. मग हरलेल्या पैलवानालाच का म्हणायचं? तालमीतल्या बारक्या पोरांना 'बायकांसारखा रडू नको' म्हणतोस, तेही बंद कर. नुसता शेजारी बस.

आठवडे उलटूनही रडू थांबेना, झोप-जेवण उडालं, तर मात्र डॉक्टरकडे जायचं. १४४१६ या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनवर फोन केला तर मराठीतही बोलतात.

रविवारी संध्याकाळी थंडाई घोटतोय, ये. वस्तादही येणार आहेत. डाव कुठं चुकला ते त्यांच्याकडूनच ऐक, आणि भरून आलं तर नळ शोधत जाऊ नकोस.

तुझा,
काका