‘सिल्क’ मिळतं, घेतलं जात नाही

प्रश्न एका वाचक बाईंचा आहे. ‘बीबीसी वन’वर २०११ ते २०१४ या काळात दाखवलेली ‘सिल्क’ ही वकिलांवरची मालिका त्यांच्या आईला बघायची आहे, पण इंग्रजी संवाद भराभर निसटतात. म्हणून त्या हौसेनं मराठी उपशीर्षकं करत आहेत. पात्रांच्या तोंडी सारखं ‘टेकिंग सिल्क’ येतं, म्हणजे निवडक बॅरिस्टरांना मिळणारं मानाचं पद मिळवणं. ‘रेशीम घेणं’ कानाला विचित्र लागतं, तर ‘ज्येष्ठ वकील होणं’ चालेल का? आणि ते पद मिळालेल्या ‘क्यूसी’ला, म्हणजे ‘क्वीन्स कौन्सेल’ला, ‘राणीचा वकील’ म्हणावं का?

आधी थेट उत्तर देतो. ‘सिल्क’ शब्द तसाच ठेवा, क्रियापद बदला. ‘सिल्क घेणं’ नको, ‘सिल्क मिळणं’ किंवा माणसाबद्दल बोलताना ‘सिल्क होणं’ लिहा. शब्द पहिल्यांदा येतो तिथे एकदाच ‘सिल्कची वस्त्रं’ असं लिहा, पुढे नुसतं ‘सिल्क’ पुरेल. ‘ज्येष्ठ वकील’ आणि ‘राणीचा वकील’ हे दोन्ही टाळा. कारणं जरा सविस्तर सांगावी लागतील.

सिल्क म्हणजे खरोखरच रेशमाचा झगा. इंग्लंडमध्ये साधा बॅरिस्टर न्यायालयात जो काळा झगा घालतो तो लोकरी किंवा सुती कापडाचा असतो, त्याला ‘स्टफ गाऊन’ म्हणतात. त्याच्या बाह्या उघड्या असतात, कोपराजवळ चुण्या घालून वर घेतलेल्या, आणि डाव्या खांद्यामागे कापडाची एक पट्टी लोंबत असते. क्वीन्स कौन्सेल झालेल्याचा झगा रेशमी असतो, त्याला मागे चौकोनी कॉलर असते आणि बाह्या लांब व टोकाला शिवून बंद केलेल्या असतात. हात मधल्या फटीतून बाहेर काढायचे. आत कोटही वेगळ्या धाटणीचा. मालिकेत वकील झगे चढवतात किंवा न्यायालयात उभे राहतात त्या दृश्यांत खांद्यांकडे आणि बाह्यांकडे लक्ष द्या. कोण सिल्क आहे आणि कोण नाही हे संवादाच्या आधीच कळतं. त्या कापडावरून पदाला नाव पडलं, आणि मग पद मिळालेल्या माणसालाही ‘अ सिल्क’ म्हणू लागले.

आता ‘रेशीम’ का नको? मराठीत हा शब्द फार भरलेला आहे. रेशीमगाठी, रेशमी सोवळं, लग्नाचा शालू. मालिकेच्या नायिकेबद्दल ‘मार्थानं रेशीम घेतलं’ असं वाचलं की आईंना वाटेल ती खरेदीला गेली होती. वस्त्रासोबत ‘घेणं’ मराठीत येतं, नाही असं नाही; ‘भगवी वस्त्रं घेणं’ आहेच. पण तिथे माणूस स्वतःच्या निश्चयानं काहीतरी पत्करत असतो. सिल्कसाठी अर्ज करावा लागतो, ज्या न्यायाधीशांपुढे आणि वकिलांबरोबर काम केलं त्यांची नावं द्यावी लागतात, निवड समिती त्यांची मतं मागवते, मुलाखत होते, आणि शेवटी ते पद राजमुकुटाच्या नावानं दिलं जातं. इंग्रजीत ‘टेक’ असलं तरी घटना देण्याची आहे. पहिल्या पर्वाचं सगळं नाट्य याच टांगणीवर उभं आहे. मार्था कॉस्टेलो आणि क्लाइव्ह रीडर, एकाच चेंबर्समधले, म्हणजे बॅरिस्टरांच्या सामायिक कचेरीतले, दोघे, दोघांचाही अर्ज गेलेला. मार्थाला सिल्क मिळतं, क्लाइव्हला थांबावं लागतं. ‘घेणं’ वापरलं तर हे थांबणंच वाक्यातून गळून जातं.

आणि इथे मराठीकडे स्वतःचा ठेवा आहे. पद देण्यासाठी वस्त्रं देणं ही आपल्या इतिहासातली रोजची भाषा होती. १७१३ साली शाहू महाराजांनी बाळाजी विश्वनाथांना पेशवाईची वस्त्रं दिली, १७२० साली पहिल्या बाजीरावांना दिली. पुढे सत्ता पुण्यात एकवटली तरी प्रत्येक नव्या पेशव्याची वस्त्रं साताऱ्याहून छत्रपतींकडूनच यायची. बखरी आणि पत्रं वाचणाऱ्याला ‘वस्त्रे झाली’, ‘वस्त्रे दिली’ हे प्रयोग ओळखीचे असतात. कापड दिसतं, पण बोललं जातं ते अधिकाराबद्दल, आणि देणारा सिंहासनावरचा असतो. इंग्लंडच्या सिल्कमध्ये अगदी हेच तिन्ही दुवे आहेत. म्हणून ‘सिल्कची वस्त्रं मिळाली’ ही रचना मला मनापासून आवडते. ती उसनी वाटत नाही, आणि आईंच्या पिढीला तर विनासायास कळेल.

या पदाच्या अधिकारपत्राला ‘सनद’ म्हणावंसं वाटेल. जुन्या मराठीत तो बरोबर बसतो, पण आज आपल्याकडे वकिलाची सनद म्हणजे बार कौन्सिलकडे नाव नोंदवल्यावर मिळतं ते प्रमाणपत्र. ‘मार्थाला सनद मिळाली’ वाचून ती आत्ता कुठे वकील झाली असा अर्थ होईल. म्हणून तिथे सनद नको. ‘वस्त्रं’ पुरे.

‘ज्येष्ठ वकील’ला माझा विरोध थोडा वेगळा आहे. शब्द चुकीचा नाही. आपल्याकडे १९६१ च्या अॅडव्होकेट्स अॅक्टच्या सोळाव्या कलमानं वकिलांचे दोन वर्ग केले, आणि सर्वोच्च किंवा उच्च न्यायालय ज्यांना मान देतं त्यांना ‘सीनिअर अॅडव्होकेट’ म्हणतात. त्यांनी थेट वकीलपत्र दाखल करायचं नाही, दुसऱ्या वकिलानं त्यांना प्रकरण द्यायचं, हे सगळं सिल्कच्या परंपरेतून आलेलं आहे. १९८६ साली मुंबई उच्च न्यायालयानं इंदिरा जयसिंग यांना हा मान दिला. तो मिळालेल्या त्या तिथल्या पहिल्या स्त्री. इंग्लंडमध्ये १९४९ साली हेलेना नॉर्मंटन आणि रोझ हिल्ब्रन या दोघींना पहिल्यांदा सिल्क मिळालं होतं. दोन्ही गोष्टी एकाच जातीच्या. पण मराठी वर्तमानपत्रांनी ‘ज्येष्ठ’ हा शब्द इतका सैल केला आहे की केस पिकलेल्या कुठल्याही वकिलाच्या नावामागे तो लागतो. उच्च न्यायालयातले वकील आपसात बोलताना ‘ती सीनिअर झाली’ किंवा ‘तो डेझिग्नेट झाला’ म्हणतात, ‘ज्येष्ठ झाला’ म्हणत नाहीत. मार्था तर वयानं ज्येष्ठ नाहीच. मॅक्सीन पीकनं ती उभी केली आहे ती उत्तर इंग्लंडच्या बोलीची, झपाट्यानं चालणारी, अशिलासाठी जिवाचं रान करणारी बाई म्हणून. तिला ‘ज्येष्ठ’ म्हटलं की पडद्यावरचं माणूस आणि खालची अक्षरं जुळत नाहीत.

‘राणीचा वकील’ मात्र सरळ दिशाभूल करतो. इंग्लंडमध्ये फौजदारी खटला राजमुकुटाच्या नावानं चालतो, त्यामुळे ‘राणीचा वकील’ वाचून मराठी प्रेक्षक ‘सरकारी वकील’ समजणार. मार्था बहुतेक वेळा आरोपीच्या बाजूनं उभी असते! गंमत अशी की एके काळी हा अर्थ खराही होता. फ्रान्सिस बेकनला पहिल्या एलिझाबेथ राणीनं आपला खास सल्लागार नेमलं, तिथून हे पद सुरू झालं असं मानतात, आणि त्या काळी ते खरंच मुकुटाचं काम होतं. पुढे ते निव्वळ मानाचं झालं, तरी आरोपीची बाजू मांडायची तर अशा वकिलाला परवाना काढावा लागे. ती अट १९२० मध्ये गेली. तेव्हा ‘क्यूसी’ अक्षरं जशीच्या तशी ठेवा. कुठे पूर्ण लिहायची वेळ आली तर ‘क्वीन्स कौन्सेल’ लिहा, ‘कौन्सिल’ नाही. कौन्सिल म्हणजे मंडळ, कौन्सेल म्हणजे वकील. छापील मराठीत ही गल्लत नेहमी दिसते.

आता तुम्ही न विचारलेला, पण पहिल्याच भागात अडवणारा शब्द : ‘ज्युनिअर’. आपल्याकडे ज्युनिअर म्हणजे नुकता लागलेला, फाइली उचलणारा पोरगा. इंग्लंडच्या वकिलांत ज्याला सिल्क नाही तो प्रत्येक जण ज्युनिअर, मग त्याची तीस वर्षं वकिलीत गेलेली असोत. ‘रम्पोल ऑफ द बेली’ ही जुनी मालिका पाहिली असेल तर हे चटकन कळेल. १९७८ ते १९९२ मधली, लिओ मॅकर्ननं गाजवलेली. म्हातारा होरेस रम्पोल ओल्ड बेलीत, म्हणजे लंडनच्या फौजदारी न्यायालयात, आयुष्य काढतो आणि शेवटपर्यंत ज्युनिअरच राहतो. तरुणपणी पेंज बंगल्यातल्या खुनांचा खटला आपण एकट्यानं, लीडरशिवाय जिंकला, ही त्याची कायमची बढाई. लीडर म्हणजे पुढे उभा राहणारा सिल्क. १९७७ पर्यंत तर प्रथाच अशी होती की सिल्कनं ज्युनिअरला सोबत घेतल्याशिवाय उभं राहायचं नाही, म्हणून लीडर आणि ज्युनिअर ही जोडी त्यांच्या बोलण्यात इतकी रुळली. रम्पोलला जन्म देणारे जॉन मॉर्टिमर यांना स्वतःला १९६६ मध्ये सिल्क मिळालं होतं. आपल्या लाडक्या पात्राला मात्र त्यांनी ते कधी मिळू दिलं नाही. मला हा निर्णय फार मोलाचा वाटतो, कारण त्यामुळे रम्पोलला कुणापुढे झुकावं लागत नाही. तुमच्या उपशीर्षकांत ‘ज्युनिअर’च्या जागी संदर्भ पाहून ‘सहायक वकील’ लिहा, किंवा नुसतं ‘अजून सिल्क नाही’. ‘कनिष्ठ’ नको, त्यानं उंची फार खाली जाते.

‘बॅरिस्टर’चं याच्या उलट. मराठीत ‘बॅ.’ हे अक्षरच भारदस्त आहे. बॅ. नाथ पै, बॅ. अंतुले. विलायतेला जाऊन आलेला माणूस, घराण्याचं नाव काढणारा. डॉ. आंबेडकर लंडनच्या ग्रेज इन या बॅरिस्टरांच्या संस्थेतून बॅरिस्टर झाले, आणि सावरकरांना त्याच ग्रेज इननं परीक्षा झाल्या तरी बॅरिस्टरी दिली नाही, या गोष्टी आपल्या शाळकरी वाचनात आहेत. मालिकेत मात्र बॅरिस्टर होणं ही सुरुवात आहे. त्यामुळे आई विचारतील, बॅरिस्टर तर झालीच आहे, आता आणखी काय हवंय तिला? म्हणून मालिकेच्या आरंभी दोन ओळींची टीप द्या : इथे सॉलिसिटर अशील सांभाळतो, बॅरिस्टर न्यायालयात लढतो, आणि बॅरिस्टरांतल्या निवडकांना सिल्क मिळतं.

‘क्लार्क’ला ‘कारकून’ कृपा करून लिहू नका. शू लेन चेंबर्सचा बिली लॅम्ब सीनिअर क्लार्क आहे, आणि कुणाला कोणता खटला मिळणार, कुणाची कमाई वाढणार, हे त्याच्या हातात आहे. बॅरिस्टरांना तो ‘सर’ आणि ‘मिस’ म्हणतो, पण दोऱ्या त्याच्याकडे. नील स्ट्यूकनं ही भूमिका इतकी भरीव केली आहे की काही भागांत मालिका त्याचीच वाटते. त्याच्यासाठी मराठीत ‘कारभारी’ हा नेमका शब्द आहे. ‘चेंबर्सचा कारभारी’. नावापुरता चाकर आणि प्रत्यक्षात सूत्रधार, हे दोन्ही त्यात येतं.

मालिकेतले नीव्ह आणि निक हे दोघे ‘प्युपिल’ आहेत, म्हणजे बॅरिस्टराच्या हाताखाली काम शिकणारे. विद्यार्थी नाहीत, शिकाऊही पुरतं बसत नाही. ‘उमेदवारी करत आहेत’ म्हणा. नोकरीधंद्याच्या सुरुवातीला वरिष्ठाच्या हाताखाली घालवलेल्या काळाला मराठी माणूस उमेदवारीच म्हणतो, आणि इंग्लंडमध्येही हा काळ साधारण वर्षाचाच असतो : पहिले सहा महिने फक्त बघायचं, पुढच्या सहांत स्वतः उभं राहायचं. वर्षाअखेरी त्यांना हवी असते ‘टेनन्सी’. इथे शब्दकोशावर विसंबलात तर ‘भाडेकरू’ लिहून बसाल. टेनन्सी म्हणजे त्या चेंबर्समध्ये कायमची जागा. हो, आणि त्या मुलीचं नाव आयरिश आहे. इंग्रजी अक्षरं पाहून ‘निआम’ लिहावंसं वाटेल, उच्चार ‘नीव्ह’ आहे.

न्यायालयातलं ‘माय लर्नेड फ्रेंड’ सोपं आहे. आपल्या कोर्टांतले वकील मराठीत युक्तिवाद करताना ‘माझे विद्वान मित्र’ म्हणतात, तेच चालवा.

शेवटी एक काळाची काळजी. ८ सप्टेंबर २०२२ रोजी राणी दुसऱ्या एलिझाबेथ गेल्या आणि त्याच दिवशी सगळे क्यूसी ‘केसी’, म्हणजे किंग्ज कौन्सेल, झाले. आजच्या बातम्यांत तुम्हाला केसी दिसेल, पण मार्थाच्या उपशीर्षकांत तो बदल करू नका, तिथे क्यूसीच हवं. पुढे जॉन थॉची ‘कॅव्हना क्यूसी’ ही वकिलावरचीच मालिका करायला घेतलीत तर तिथे हे पद मालिकेच्या नावातच आहे, त्याला हात लावायची गरज पडणार नाही. ‘सिल्क’चा खुलासा मात्र पहिल्या भागात पुन्हा एकदा द्यावा लागेल.